अंगाच्या घडीतली आग आणि केस पेपरवरचं नाव

आजचा विषय चारचौघींत सहसा निघत नाही. छातीखाली, काखेत, जांघेत, पोटाच्या वळीखाली, परकराच्या नाडीखाली, म्हणजे जिथं कातडीवर कातडी बसते किंवा कपडा कातडीत रुततो, तिथं होणारी आग, लाली आणि खाज. चैत्र-वैशाखात आपल्या मराठवाड्यात पारा बेचाळिशीला टेकतो तेव्हा, आणि पावसाळ्यात ओल्या कपड्यांनी निंदणी-खुरपणी चालते तेव्हा, हा त्रास घरोघर असतो. कापूस वेचणीला कमरेला ओटी बांधून दिवसभर फिरणाऱ्या बायांना तर वेगळं सांगायला नको. आमच्या गटांच्या मासिक बैठकीत हिशोब झाला, सह्या-अंगठे झाले, की चहाच्या वेळी कुणीतरी जवळ सरकून हळूच विचारते, "ताई, ते मलम कोणतं हो?"

मलमाचं नाव आम्ही सांगत नाही. त्याऐवजी उलटा प्रश्न विचारतो: मागच्या वेळी दवाखान्यात गेला होतात तो केस पेपर कुठंय, आणि त्यावर आजाराचं नाव काय लिहिलंय? बहुतेक वेळा कागद सापडत नाही. सापडला तर त्यावर औषधांची नावं असतात, आजाराचं नसतं. किंवा फक्त खाज असं लिहिलेलं असतं. आज त्या नावाबद्दल आणि त्या नावाला जगभरात जो एक नंबर दिलेला असतो, त्या नंबराबद्दल बोलू या.

आधी कागद वाचायला शिकू. डॉक्टरांचं अक्षर लागत नाही हे खरं, पण तीन खुणा ओळखता येतात. वर सी/ओ असं लिहून पुढं काही लिहिलेलं असतं. ती आपली तक्रार, आपण तोंडानं जे सांगितलं ते. मधे कुठंतरी डीएक्स असतं. तो निष्कर्ष, म्हणजे तपासून डॉक्टरांनी ठरवलेला आजार. आणि खाली आरएक्स, म्हणजे औषधं. आपली नजर थेट खालच्या औषधांवर जाते, कारण मेडिकलवर तेवढंच दाखवायचं असतं. पण मधली ओळ कोरी असेल तर खालची औषधं कशासाठी दिली हे पुढच्या वेळी कुणालाच कळत नाही. आपल्यालाही नाही, दुसऱ्या डॉक्टरांनाही नाही. कधी के/सी/ओ डीएम असं दिसलं तर घाबरू नका. रुग्णाला आधीपासून मधुमेह आहे, एवढाच त्याचा अर्थ. या त्रासात ती नोंद फार महत्त्वाची असते, त्याचं पुढं सांगतो.

आता नंबर. आजारांची एक जागतिक यादी आहे. फ्रान्सच्या जॅक बर्तिलाँ यांनी तयार केलेली तिची पहिली आवृत्ती १८९३ साली स्वीकारली गेली, तेव्हा ती फक्त मृत्यूच्या कारणांची होती. माणूस कशानं मेला एवढंच तेव्हा मोजायचं होतं. खाजेनं कुणी मरत नाही, म्हणून अशा दुखण्यांना त्या यादीत मोल नव्हतं. १९४८ साली ही यादी जागतिक आरोग्य संघटनेकडे आली, आणि मरणाबरोबर जगताना होणारे आजारही त्यात नीट मांडले गेले. आज तिला आयसीडी म्हणतात. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली आहे, पण आपल्याकडच्या कागदांवर अजून बहुधा दहाव्या आवृत्तीचेच नंबर दिसतात. म्हणून आम्ही दहावीचेच सांगतो.

गट चालवणाऱ्या बायांना ही यादी समजायला जड जाऊ नये. आपल्या किर्दीत पैसा गेला की तो कोणत्या खात्यावर गेला ते लिहावं लागतं. कर्जवाटप, स्टेशनरी, प्रवास. प्रत्येकाचं खातं ठरलेलं. आयसीडी म्हणजे आजारांची खतावणी. कातडीच्या आजारांचं पान एल या अक्षराचं. बुरशी आणि इतर जंतूंचे आजार ए आणि बी अक्षरांत. मधुमेह ई अक्षरात. गावातला डॉक्टर असो की परदेशातला, एल ३०.४ म्हटलं की दोघांना एकच आजार समजतो: घडीत कातडी घासून, घामानं भिजून झालेला दाह. इंग्रजीत त्याला इंटरट्रायगो म्हणतात.

पण आपल्या किर्दीत आणखी एक खातं असतं. 'इतर खर्च'. सचिवताईंना आठवलं नाही, पावती मिळाली नाही, की रक्कम तिकडं ढकलायची. ऑडिटला पहिलं बोट त्यावरच पडतं. आयसीडीतही अशी खाती आहेत. आर २१ म्हणजे नुसतं पुरळ, कशाचं ते माहीत नाही. एल २९.९ म्हणजे खाज, कारण नोंदलेलं नाही. एल ३०.९ म्हणजे कातडीचा दाह, प्रकार सांगितलेला नाही. ही खाती चुकीची नाहीत. पहिल्या भेटीत खरंच कळलं नसेल तर तसं लिहिणं प्रामाणिकपणाचं आहे. पण एक बाई दोन वर्षं पाच वेळा दवाखान्यात जाते आणि पाचही वेळा 'इतर खर्च' लागतो, तेव्हा कुठंतरी पाणी मुरतंय असं समजावं.

कारण घडीतली लाली वरून एकसारखी दिसली तरी आत चार वेगळे आजार असू शकतात आणि चौघांचे उपाय वेगळे आहेत.

पहिला तो साधा घासण्याचा दाह, एल ३०.४. घडीच्या दोन्ही बाजूंना आरशात पाहावं तशी सारखी लाली. खाजेपेक्षा आग आणि चुरचुर जास्त. जंतू नसतात, घाम आणि घर्षण एवढंच कारण. जागा कोरडी आणि मोकळी राहिली की बरा होतो.

दुसरा आजार पहिल्याच्या पाठीवर बसून येतो. ओल्या घडीत कँडिडा नावाची यीस्ट वाढते. कातडी लालबुंद, ओलसर दिसते, कधी दह्यासारखा पांढरा थर येतो आणि मुख्य चट्ट्याच्या कडेबाहेर बारीक लाल पुळ्या विखुरलेल्या दिसतात. हा बी ३७.२. याला बुरशीविरोधी मलम लागतं. आणि हा पुन्हापुन्हा होत असेल तर रक्तातली साखर तपासावीच लागते, कारण साखर वाढलेल्या अंगात ही यीस्ट फोफावते. कित्येक बायांचा मधुमेह असा छातीखालच्या चट्ट्यावरून सापडतो. आमच्या एका गटातल्या ताईंचं असंच झालं. दोन वर्षं त्या वेगवेगळ्या ट्यूब लावत होत्या. गटातून घेतलेल्या छोट्या कर्जातले पैसेही त्यात गेले. शेवटी उपकेंद्रातल्या आरोग्य अधिकारी बाईंनी पडद्याआड नेऊन जागा नीट पाहिली आणि लगेच बोट टोचून साखर तपासली. साखर बरीच वाढलेली निघाली. कागदावर दोन नंबर आले, एक चट्ट्याचा बी ३७.२ आणि एक ई ११, म्हणजे टाइप दोनचा मधुमेह. चट्टा तीन आठवड्यांत गेला. मधुमेहाच्या गोळ्या मात्र चालू राहिल्या, आणि त्या वेळेवर सुरू झाल्या हेच मोठं. ही साखर तपासणी तिशीपुढच्या प्रत्येकीसाठी आयुष्मान आरोग्य मंदिरात मोफत होते.

तिसरा आपल्या ओळखीचा, गजकर्ण किंवा नायटा. गोल पसरणारा, कडा उठलेली आणि खवल्यांची, मधली जागा निवळत जाणारी, आणि खाज अशी की झोप येत नाही. जांघेत असेल तर बी ३५.६, अंगावर इतरत्र बी ३५.४, पायाच्या बोटांत बी ३५.३. जांघेतल्या नायट्याच्या नंबराखाली त्या जागतिक पुस्तकात एक जुनं इंग्रजी नाव अजून छापलेलं आहे, त्याचा अर्थ 'धोब्याची खाज'. इंग्रजांच्या काळात साहेबांना वाटायचं की खाज धोब्याकडून धुऊन आलेल्या कपड्यांतून येते. साहेबाच्या घामाचा दोष कष्ट करणाऱ्याच्या माथी मारला आणि तो शंभर वर्षं तसाच राहिला. असो.

चौथा कमी ऐकलेला, एरिथ्राझ्मा. एल ०८.१. जांघेत किंवा काखेत तपकिरी, कोरडा डाग, खाज जवळजवळ नाहीच. हा जिवाणूचा असतो. त्वचारोगाच्या डॉक्टरांकडे एक खास दिवा असतो, त्याखाली हा डाग पोवळ्यासारखा लाल चमकतो. साध्या डोळ्यांना तो नायट्यासारखा दिसतो आणि महिनोन्महिने नायट्याचं मलम खात बसतो.

मग डॉक्टर ओळखतात कसे? पाहून, आणि शंका असेल तर खरवडून. चट्ट्याच्या कडेचे खवले बोथट पात्यानं हलकेच काढतात, काचेवर ठेवून त्यावर पोटॅशचा एक थेंब टाकतात आणि सूक्ष्मदर्शकाखाली बुरशीचे धागे दिसतात का ते बघतात. दुखत नाही, रक्त येत नाही. छत्रपती संभाजीनगरला आपलं शासकीय वैद्यकीय महाविद्यालयाचं रुग्णालय आहे, ज्याला आपण सगळे घाटी म्हणतो, तिथं त्वचारोगाचा स्वतंत्र विभाग आहे. गावपातळीवर एक-दोनदा औषध घेऊन उतार पडला नाही तर तिथं जावं. मात्र जाताना चट्ट्यावर काही फासून जाऊ नये. मलमाखाली काही दिसत नाही.

आता त्या मलमाकडे येऊ, जे चहाच्या वेळी विचारलं जातं. मेडिकलमधे न चिठ्ठीची मिळणारी ती 'तीन इन वन' ट्यूब. तिच्यात बुरशीचं औषध, जिवाणूचं औषध आणि स्टेरॉइड असं सगळं एकत्र असतं. स्टेरॉइडमुळं दोन दिवसांत लाली जाते, खाज थांबते, आणि बाई म्हणते, गुण आला. प्रत्यक्षात स्टेरॉइडनं अंगाची लढण्याची ताकद त्या जागी झोपवलेली असते. बुरशी मरत नाही, पसरते. ट्यूब बंद केली की दुप्पट उसळते. शिवाय घडीतली कातडी मुळात पातळ. तिथं स्टेरॉइड महिनोन्महिने लावलं की ती आणखी पातळ होते, बाळंतपणानंतर पोटावर येतात तशा चिरा मांडीवर उमटतात, आणि त्या जात नाहीत. नायट्याचं गोल रूपही बिघडतं, त्यामुळं पुढच्या डॉक्टरांनासुद्धा ओळखणं कठीण होतं. मग पुन्हा कागदावर खाज, पुन्हा 'इतर खर्च'.

देशभरातल्या त्वचारोगतज्ज्ञांनी याविरुद्ध बरीच वर्षं आवाज उठवला. २०१८ साली केंद्र सरकारनं अशी स्टेरॉइडची मलमं चिठ्ठीशिवाय विकता येणार नाहीत अशा औषधांच्या यादीत, म्हणजे शेड्यूल एच मधे, घातली. पाकिटावरची लाल रेघ त्याचीच खूण. ट्यूबवर क्लोबेटासॉल, बेटामेथासोन, मोमेटासोन यांपैकी एखादं नाव दिसलं तर ते स्टेरॉइड आहे हे लक्षात ठेवा. नियम झाला, पण गावातल्या काउंटरवर तो पोचायला वेळ लागतोय हे आपण रोज बघतो. दरम्यान बुरशीही शहाणी झाली. २०२० साली जपानमधल्या संशोधकांनी भारत आणि नेपाळमधल्या रुग्णांच्या चट्ट्यांतून नायट्याची एक नवी जात ओळखली, तिच्या नावातच भारत आहे: ट्रायकोफायटॉन इंडोटिनी. नायट्यावर हमखास चालणारी टर्बिनाफीनची गोळी तिच्यावर पुष्कळदा चालत नाही. म्हणून नायटा झाला असेल तर औषधाचा कोर्स आठवडेच्या आठवडे पूर्ण करावा लागतो, आणि घरातल्या ज्याला ज्याला आहे त्या सगळ्यांचा एकाच वेळी करावा लागतो. नाहीतर सासूकडून सुनेकडे आणि सुनेकडून लेकराकडे फेऱ्या चालूच.

या सगळ्यात डॉक्टरांकडे बोट दाखवणं सोपं आहे. पण आपल्या बाजूचीही एक गोष्ट आहे. आपण जागा दाखवत नाही. समोर पुरुष डॉक्टर, बाहेर रांग, दार उघडं. आपण साडीवरूनच हातानं इथं-इथं म्हणतो आणि खाज येते एवढं सांगतो. न पाहिलेल्या चट्ट्याचं नाव कुणी कसं लिहिणार? तिथं आपला हक्क मागायला शिकलं पाहिजे. पडदा मागा. पुरुष डॉक्टर तपासत असतील तर सोबत नर्सबाई किंवा आपली आशाताई असावी, असं सरळ सांगा. यात उपकार मागण्यासारखं काही नाही. आणि तपासून झालं की एवढंच विचारा, "डॉक्टरसाहेब, याचं नाव काय, आणि ते कागदावर लिहाल का?" नंबर लिहाच असा हट्ट धरू नका. नाव स्पष्ट असलं की नंबर कुणालाही शोधता येतो, आणि मोठ्या दवाखान्यात ते काम नोंदणी विभागातली माणसं करतात. आरोग्य विमा असेल आणि दाखल व्हावं लागलं तर दाव्याच्या फॉर्ममधे दवाखान्यानं भरायच्या भागात आयसीडी नंबराची चौकट असते. तिथं कागदावरचं निदान आणि चौकटीतला नंबर जुळला नाही की दावा अडकू शकतो. आभा कार्ड काढलं असेल तर त्या चौदा अंकी नंबरावर नोंदी जोडता येतात, पण तिथंही 'खाज' एवढंच जोडलेलं असेल तर त्याचा उपयोग तितकाच.

नाव वेळेवर न लागल्याची एक गोष्ट आपल्या महाराष्ट्रातलीच आहे. नोव्हेंबर २०२४ मधे वर्ध्याच्या आणि बिहारमधल्या डॉक्टरांनी मिळून दोन बायांची हकीकत एका वैद्यकीय नियतकालिकात छापली. एकीचं वय सत्तर. परकराची नाडी घट्ट बांधायची सवय, आणि उजव्या कुशीवर अठरा महिने न भरणारी जखम. दुसरी साठीच्या शेवटाला आलेली. तिनं चाळीस वर्षं रोज लुगडं कमरेला आवळून नेसलं होतं, आत परकर नाही. तिची जखम दोन वर्षांची. दोघींच्या जखमेचा तुकडा काढून तपासला तेव्हा तो कातडीचा कर्करोग निघाला, आणि लुगडंवाल्या आजींचा जांघेतल्या गाठीपर्यंत गेलेला होता. ही गोष्ट नवी नाही. मुंबईच्या टाटा स्मारक रुग्णालयातल्या डॉ. खानोलकरांनी १९४५ सालीच धोतर घट्ट नेसल्यानं कमरेवर होणाऱ्या कर्करोगाबद्दल लिहिलं होतं. हे ऐकून लुगडी-साड्या टाकून देऊ नका. असा कर्करोग फार क्वचित होतो. पण कमरेवर नाडीच्या जागी काळा-पांढरा डाग, खाज, सोलवटणं हे आपल्याकडं किती जणींना आहे, आणि किती जणी ते दुखणं म्हणून मोजतात? नाडीऐवजी रुंद पट्टा किंवा सैल इलॅस्टिक लावा, रोज बांधायची जागा थोडी वर-खाली करा, रात्री नाडी सोडून झोपा. आणि कमरेवरची कोणतीही जखम महिनाभरात भरली नाही तर वाट बघू नका. तिचं नाव नुसतं 'जखम' राहता कामा नये.

अंथरुणाला खिळलेल्या सासूबाईंची किंवा आईची सेवा करणाऱ्या बायांसाठी दोन शब्द. लघवीच्या ओलीनं, डायपरनं जांघेत झालेली लाली वेगळी (एल २२, लहान बाळांचाही हाच नंबर), आणि माकडहाडावर, टाचेवर दाबून झालेली जखम वेगळी (एल ८९). पहिलीला कोरडेपणा हवा, दुसरीला दर दोन तासांनी कूस बदलायला हवी. एकीचा उपाय दुसरीला केला तर दुसरी वाढते. म्हणून नर्सबाई आल्या की दोन्ही जागा उघडून दाखवा.

राहिली रोजची काळजी. साध्या पाण्यानं धुवा, सौम्य साबण चालेल. डेटॉल, लिंबू, राख, रॉकेल यांतलं काहीही लावू नका. नंतर सुती कपड्यानं टिपा, घासू नका, आणि जागेला थोडी हवा लागू द्या. छाती जड असेल तर खाली जुन्या सुती साडीची घडी ठेवा आणि ती घामानं भिजली की बदला. पावडर थापल्यावर घामात तिचे गोळे होतात आणि तेच घासतात, त्यापेक्षा झिंक ऑक्साइडचं साधं मलम पातळ थरात लावलेलं बरं. आणि एक गोष्ट घरातल्या पुरुषांच्या कानावर पडेल एवढ्या मोठ्यानं सांगायची आहे: आपले आतले कपडे साडीखाली, दाराआड, सावलीत लपवून वाळत घालू नका. ओलसर राहिलेल्या कपड्यात बुरशी मजेत राहते. दोरी अंगणात बांधा आणि कपडे उलटे करून उन्हात टाका. आतल्या कपड्यांचा आणि टॉवेलचा वाटा प्रत्येकीचा वेगळा असू द्या.

कोरडं ठेवून आठवडाभरात फरक नाही, पाणी किंवा पू येतोय, ताप आहे, किंवा साखरेचा आजार आधीच आहे, तर थेट आरोग्य केंद्र गाठा. जाताना मागचा केस पेपर न्या, आणि आतापर्यंत लावलेल्या ट्यूबची रिकामी खोकीसुद्धा, कारण काय लावलं होतं हे कळल्याशिवाय नाव ठरवणं डॉक्टरांना अवघड जातं. कागद ठेवायला वेगळी फाइल नको. गटाचं पासबुक ज्या प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवता, त्याच पिशवीत ठेवा.